आयकॉन उडवला म्हणजे गेम गेला असं नसतं

मा. संपादक,
स.न.वि.वि.

पत्र जरा लांबलंय, कात्री लावायची तर खुशाल लावा, पण दुकानदारांबद्दल लिहिलंय तेवढं ठेवा ही विनंती, कारण त्यासाठीच लिहायला बसले.

आमचा बचत गट १२ जणींचा आणि हिशोब माझ्याकडे. आधी सगळं वहीत असायचं, मग बँकेत एक्सेलमध्ये मागायला लागले, त्यात मुलगा अकरावीला गेला, त्यालाही कॉम्प्युटर पाहिजेच होता, म्हणून तालुक्याच्या गावातून एक सेकंडहँड डेस्कटॉप घेतला. मॉनिटर, कीबोर्ड सगळं धरून १४ हजार. दुकानदार म्हणाला ताई, सगळं टाकून दिलंय, नुसतं घरी जाऊन वायर लावा. मला वाटलं सगळं म्हणजे वर्ड, एक्सेल आणि मराठी टायपिंगचं. घरी येऊन चालू केला तर डेस्कटॉपवर आयकॉनच आयकॉन, गाड्यांचे, बंदुकांचे, क्रिकेटचे, आणि आमच्या चिरंजीवांच्या चेहऱ्यावर दिवाळी.

आधीच सांगते, मी गेमच्या विरोधात नाही. २००६ ला एमएस-सीआयटी केलं तेव्हा माउस हातात बसला तो सॉलिटेअर खेळूनच. पत्ता उचलायचा, ओढत न्यायचा, सोडायचा. १९९० पासून विंडोजमध्ये तो खेळ होता आणि लोकांची माउसची भीती जावी हा त्यातला एक हेतू होता म्हणतात, माझी तर गेलीच. पण ते पत्ते एमबीसुद्धा खात नसत आणि त्यासाठी कोणी कॉम्प्युटरचं कुलूप काढून ठेवत नव्हतं. कुलपाचं पुढे सांगते.

दोन महिन्यात कॉम्प्युटर असा झाला की एक्सेल उघडायला टाकावं आणि कुकर लावून यावं. सी ड्राइव्हची पट्टी लालभडक. २५६ जीबीची डिस्क आहे, त्यातले विंडोजला २३८ दिसतात (ही फसवणूक नाही, कंपनी हजाराने मोजते आणि विंडोज १०२४ ने, मी पण आधी दुकानात भांडायला निघाले होते) आणि रिकामे फक्त ६. मग मुलाला विचारून, म्हणजे थोडं विचारून थोडं दटावून, डेस्कटॉपवरचे सगळे गेमचे आयकॉन एकेक करून डिलीट केले. छान वाटलं, स्क्रीन मोकळी झाली. जागा बघितली तर ६ च.

इथेच बहुतेक जण फसतात म्हणून जरा सविस्तर लिहिते. डेस्कटॉपवर जो आयकॉन असतो, ज्याच्या कोपऱ्यात छोटा बाण असतो, तो गेम नसतोच, ती दारावरची पाटी असते. पाटी काढली म्हणून बिऱ्हाड रिकामं होत नाही.

मग गेले दुकानात. तो म्हणाला फॉर्मॅट मारून देतो, ५०० होतील. दिले. नशीब हिशोब पेन ड्राइव्हवर ठेवला होता. संध्याकाळी मुलगा आतून ओरडला, आई, गेम परत आलेत! खरंच आलेले, तेच सगळे, त्याच जागी. झालं असं की हे लोक एकेक मशीनवर वेगवेगळं काही टाकत बसत नाहीत, एका डिस्कची तयार कॉपी ठेवतात, विंडोज, ऑफिस, गेम सगळं एकत्र, आणि तीच प्रत्येक गिऱ्हाइकाला छापून देतात. म्हणजे ५०० रुपये देऊन मी तोच कचरा ताजा करून आणला. फोन केला तर म्हणे, ताई, लोक मागतात म्हणून टाकतो, फ्रीच आहे की.

शेवटी दिवाळीत बहिणीचा मुलगा पुण्याहून आला, तो कॉम्प्युटरमधलाच आहे, त्याने अर्ध्या दिवसात निस्तरलं, आणि मी शेजारी वही घेऊन बसले होते, कारण पुढच्या वेळी कोणाला बोलवणार.

पहिल्यांदा त्याने स्टार्टमधून सेटिंग्ज, त्यात ॲप्स, तिथे ॲप्स ॲण्ड फीचर्स उघडलं (विंडोज ११ वाल्यांना तिथे इन्स्टॉल्ड ॲप्स असं दिसेल) आणि यादी साइजप्रमाणे लावली, म्हणजे सगळ्यात मोठं वर. वर आला एक रेसिंगचा, २४ जीबी. त्यावर क्लिक, अनइन्स्टॉल, हो हो म्हणत गेलं की गेला. क्रिकेटचा एक होता, तो २००६ सालचा जुना, आपल्याकडची पोरं अजून त्यात नवीन टीम घालून खेळतात, तो दोन जीबीचा. तोही गेला. पण तो गाड्या चोरायचा, जीटीए पाचवा, ज्याच्यावर १८ वर्षांखालच्यांसाठी नाही असं स्पष्ट लिहिलेलं असतं, तो यादीत नव्हताच!

मी म्हटलं मग गेला असेल. भाचा म्हणाला मावशी, जो इन्स्टॉल केला असतो तोच यादीत येतो, दुकानदाराने दुसऱ्या डिस्कवरून नुसता फोल्डर उचलून टाकलेला असला तर विंडोजला त्याचा पत्ताच नसतो. आता तो फोल्डर कुठे आहे हे कळणार कसं, तर त्या आयकॉनवरून, आणि आयकॉन मी फॉर्मॅटनंतरही परत अक्कलहुशारीने उडवलेला. पण रिसायकल बिन अजून रिकामी केली नव्हती. त्यातून तो आयकॉन रिस्टोअर केला, त्यावर राइट क्लिक करून ओपन फाइल लोकेशन केलं, की थेट घरात. सी ड्राइव्हमध्येच एक फोल्डर, त्यात एक फोल्डर, त्यात गेम, ९७ जीबी. आणि त्याच्या बाजूलाच दुसरा, नाव काय तर सॉफ्टवेअर बॅकअप, उघडला तर त्याच गेमांच्या सेटअप फाइली, अजून ३८ जीबी! म्हणजे गेम पण आणि गेमची पेरणी पण.

डिलीट करायच्या आधी मुलगा गप्प झाला होता. त्याला विचारलं तर म्हणाला माझं साठ टक्के झालंय, त्या फॉर्मॅटमध्ये पहिलं गेलं होतं, हे दुसऱ्यांदा खेळलोय. भाच्याने डॉक्युमेंट्समध्ये रॉकस्टार गेम्स (जीटीए काढणारी कंपनी) नावाचा फोल्डर दाखवला. गेम जवळजवळ शंभर जीबीचा, पण पोराने रात्री जागून केलेली सगळी मेहनत काही एमबीत मावते. ती पेन ड्राइव्हवर घेऊन त्याच्या हातात दिली. हे मुद्दाम लिहितेय, कारण घरात भांडणं होतात ती बरीचशी या काही एमबीवरून होतात. सगळ्याच गेमचं सेव्ह तिथे नसतं, कुणाचं माय गेम्समध्ये, कुणाचं सेव्हड गेम्समध्ये, तर कुणाचं ॲपडेटामध्ये.

हा ॲपडेटा लपवलेला फोल्डर असतो, नुसता शोधून दिसत नाही. विंडोजचं बटण धरून आर दाबायचा, छोटी खिडकी येते, तिच्यात टक्क्याचं चिन्ह, मग ॲपडेटा, परत टक्क्याचं चिन्ह, जागा न सोडता, इंग्रजीत टाइप करून एंटर. रोमिंग उघडतो, एक पायरी वर गेलं की लोकल, लोकललो आणि रोमिंग असे तिघे भाऊ दिसतात. अनइन्स्टॉल झालेल्या गेमांची उरलीसुरली भांडीकुंडी तिथे पडलेली असतात. ज्या नावाची खात्री आहे तेवढंच काढायचं. मायक्रोसॉफ्ट, गूगल, पॅकेजेस असले फोल्डर दिसतील, त्यांच्या वाटेला जायचं नाही.

आता ते कुलूप. हे बघून माझ्या पोटात गोळा आला. चोरीचे गेम (दुकानदाराचे ‘फ्री’ ते हेच) चालावेत म्हणून अँटीव्हायरसला बऱ्याचदा आधीच सांगून ठेवावं लागतं की या फोल्डरकडे बघू नकोस, नाहीतर तो त्यातल्या फाइली पकडतो. विंडोज सिक्युरिटीत व्हायरस ॲण्ड थ्रेट प्रोटेक्शन, त्यात मॅनेज सेटिंग्ज, तिथे खाली एक्सक्लूजन्स. आमच्याकडे तिथे त्या गेमच्या फोल्डरचं नाव लिहून ठेवलेलं. आणि मुद्दा असा की गेम काढला तरी ही चिठ्ठी निघत नाही, ती आपण हाताने काढावी लागते. म्हणजे घर विकलं तरी वॉचमनला सांगून ठेवलंय की अमुक माणसाला अडवू नको. आणि याच कॉम्प्युटरवर मी १२ बायकांच्या पासबुकांचे नंबर ठेवते!

ही उगाच घातलेली भीती नाही. २०२१ मध्ये अवास्ट या अँटीव्हायरस कंपनीने क्रॅकोनॉश नावाचं एक प्रकरण बाहेर काढलं होतं, क्रॅक केलेल्या, म्हणजे पैसे न भरता चालावेत म्हणून फोडलेल्या गेमांतून, त्यात हाच जीटीए पाचवा पण होता, ते आत शिरायचं, विंडोजचे अपडेट आणि अँटीव्हायरस बंद पाडायचं आणि लोकांच्या विजेवर मोनेरो नावाचं आभासी चलन कमवायचं. २ लाख २२ हजारांच्या वर कॉम्प्युटर त्यांनी मोजले. त्यात आमच्यासारख्यांचं विंडोज १०, ज्याचा नेहमीचा सपोर्ट (कंपनीकडून येणारी सुरक्षेची अपडेट) १४ ऑक्टोबर २०२५ लाच संपला. भाच्याने ती चिठ्ठी काढून फुल स्कॅन लावला, तो चालला दीड तास, एक फाइल सापडली, काढली.

रिसायकल बिन शेवटी रिकामी करायची, नाहीतर जागा परत मिळतच नाही. आमची ६ वरून १७० जीबी झाली.

बाकी आमच्याकडे नव्हतं पण भाच्याने सांगितलं ते थोडक्यात. स्टीम म्हणजे गेमचं ऑनलाइन दुकान, त्यावरचे गेम स्टीमच्या लायब्ररीतूनच काढावेत, स्टीमच उडवलं तर त्याच्या फोल्डरमधले सगळे गेम एकदम जातात (विकत घेतलेले असतील तर खात्यावर राहतात, परत उतरवता येतात). वॅलोरंट नावाचा गेम काढला तरी व्हॅनगार्ड नावाचा त्याचा पहारेकरी वेगळा राहतो, कॉम्प्युटर सुरू झाला की तोही सुरू, तो यादीतून वेगळा काढावा लागतो. मोबाइलचे गेम कॉम्प्युटरवर खेळायला ब्लूस्टॅक्स घेतलेलं असलं तर आतले गेम विंडोजच्या यादीत शोधून सापडणार नाहीत, आख्खं ब्लूस्टॅक्सच काढायचं. आणि कंट्रोल, शिफ्ट, एस्केप एकत्र दाबून जी खिडकी उघडते तिच्या स्टार्टअपमध्ये बघायचं, गेमांचे लाँचर (गेम उघडून देणारे प्रोग्रॅम) तिथे कॉम्प्युटरबरोबर सुरू व्हायला रांगेत उभे असतात.

एक चूक माझ्या हातून थोडक्यात टळली तीही सांगते. भाचा यायच्या आधी मी नेटवर शोधलं होतं की गेम पूर्ण कसा काढायचा, तर वर सगळ्या जाहिराती, आमचं क्लीनर घ्या, तुमच्या रजिस्ट्रीत (विंडोजची आतली सेटिंगची वही) हजारभर चुका आहेत, लगेच पैसे भरा. डाऊनलोडवर बोट गेलेलं, तेवढ्यात लाइट गेली. वीज मंडळाचे पहिल्यांदा आभार मानले! रजिस्ट्रीत राहिलेल्या ओळींनी कॉम्प्युटर हळू होत नाही, तिकडे आपण जायचंच नाही असं भाच्याचं स्पष्ट म्हणणं.

मुलाला आता वेगळं साधं अकाउंट करून दिलंय, ॲडमिनचा पासवर्ड माझ्याकडे. त्याने बऱ्याचशा गोष्टी विचारल्याशिवाय टाकता येत नाहीत, सगळ्या नाही, त्यामुळे पोलीसगिरी करतेय असा माझाही दावा नाही. क्रिकेटचा तेवढा परत टाकू का विचारत होता, म्हटलं बारावीचा फॉर्म भरला की बोलू.

तर माझं म्हणणं दुकानदारांना. फ्रिज घेतला तर तुम्ही आत न विचारता कोणाचं उष्टं ठेवून देत नाही. कॉम्प्युटर देताना काय काय टाकलंय ते बिलावर लिहा, गेम टाकू का म्हणून एकदा विचारा, आणि गिऱ्हाईक नको म्हणालं तर कोरं विंडोज द्या. अँटीव्हायरसला चिठ्ठी दिली असेल तर ते तरी तोंडाने सांगा. आणि संपादक साहेब, तुमच्या पुरवणीत मोबाइलबद्दल दर आठवड्याला येतं, डेस्कटॉपबद्दल कधीतरी स्क्रीनचे फोटो टाकून छापा, आमच्या गटातल्या तिघींनी त्याच दुकानातून घेतलेत आणि तिघींची पट्टी लाल आहे. या रविवारी मी वही घेऊन त्यांच्याकडे जाणार आहे.

कळावे,
एक वाचक, बचत गटाची खजिनदार
(नाव-गाव छापू नये)