सदानंदास पत्र : वहिनींची हाक

प्रिय सदानंद,

सप्रेम नमस्कार.

दादाला पक्षाघाताचा झटका आल्याची बातमी तुला कळलीच आहे, म्हणून तिची उजळणी करत नाही. उजव्या हातात थोडी ताकद येऊ लागली आहे, भिंतीच्या आधाराने तो चालतो. बोलणे मात्र अजून अडते, हवा तो शब्द सापडत नाही आणि भलताच तोंडातून निघतो. माझी प्रकृती ठीक आहे. पण हे पत्र वहिनींविषयी आहे, आणि ते तुलाच लिहितो आहे, कारण कार्यकारणभावावरून माझ्याशी इतकी वर्षे भांडलेला दुसरा माणूस मला नाही.

वहिनींनी हाक मारणे सोडले आहे. त्यांचा आवाज तुझ्या ओळखीचा आहे. आपण दोघे गच्चीवर वाद घालत असताना तो तीन खोल्या ओलांडून वर येत असे. आता कोणाला बोलवायचे असेल तर हातातले काम बाजूला ठेवून त्या उठतात, त्या माणसाच्या खोलीत जातात आणि त्याने वर पाहीपर्यंत समोर उभ्या राहतात. चिन्मय पाठमोरा बसलेला असला, तर वळसा घालून त्याच्या पुढे येतात. दादाची झोपमोड होऊ नये म्हणून असेल, असे मी धरून चाललो होतो. मग एका रात्री त्यांनीच सांगितले, "मी हाक मारली आणि हे कोसळले."

डॉक्टरांनी सगळे नीट समजावले होते. हृदयाचे ठोके अनियमित पडत असल्यामुळे आतल्या आत रक्ताची गुठळी झाली, ती सुटून मेंदूच्या डाव्या भागाकडे जाणाऱ्या रक्तवाहिनीत अडकली. हाक मारली नसती तरी जे व्हायचे ते झालेच असते. वहिनींनी हे लक्षपूर्वक ऐकले, नेमके प्रश्न विचारले, दुसऱ्या दिवशी मावशींना जसेच्या तसे सांगितलेही. तरी हाक बंदच आहे. घरी येणारे प्रत्येक जण त्यांना कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ पडल्याचे सांगतात, आणि त्या प्रत्येकाला 'हो' म्हणतात.

वसतिगृहातला आपला तो वाद तुला आठवत असेल. तत्त्वज्ञ ह्यूमचे १७४८ सालचे चेंडूंचे उदाहरण घेऊन तू ठासून म्हणायचास की एक चेंडू येतो, दुसऱ्याला लागतो, दुसरा निघतो, एवढेच आपल्याला दिसते. 'यामुळे ते झाले' हे मनाने सवयीने जोडलेले असते. मी म्हणायचो की जोडत नाही, दिसते. (त्याच आठवड्यात सामना चालू असताना मी आत आलो की गडी बाद होतो म्हणून तू मला दाराबाहेर उभे केले होतेस, आणि अण्णा हसून हसून खाटेवरून घसरले होते.) जगाच्या बाबतीत तू बरोबर असशील, पण माणसाच्या बाबतीत मी बरोबर होतो असे मला आज अधिकच वाटते. मिशॉट या बेल्जियन मानसशास्त्रज्ञाने १९४६ साली प्रसिद्ध केलेले प्रयोग मी पुन्हा वाचले. फिरत्या चकतीवर रंगवलेल्या रेषा तो एका अरुंद फटीतून दाखवत असे. एक ठिपका सरकत येतो, दुसऱ्याला टेकून थांबतो, दुसरा निघतो. आणि पाहणाऱ्याला पहिल्याने दुसऱ्याला ढकललेले दिसते. हा नुसता रंग आहे हे माहीत असूनही दिसते. टेकणे आणि निघणे यांत सेकंदाच्या पाचव्या हिश्शाएवढा खंड पडला की ढकलणे नाहीसे होते आणि दोन सुट्या हालचाली उरतात. पुढे १९८७ मध्ये लेस्ली आणि कीबल यांनी सहा महिन्यांच्या बाळांनाही हा फरक जाणवत असल्याचे दाखवले. त्या वयाला सवय म्हणावी एवढा अनुभव कुठून आणायचा, सांग बरे.

मला जाचते ते हेच आहे. वहिनींची ही चुकीची समजूत असती, तर डॉक्टरांच्या बोलण्याने ती केव्हाच दूर झाली असती. त्यांनी ते पाहिले आहे, आणि पाहिलेले युक्तिवादाने पुसले जात नाही.

शिवाय त्यांनी जे पाहिले ते तसे घडलेही नव्हते. चिन्मय त्याच खोलीत होता. तो सांगतो की आईची हाक आल्यावर बाबांनी 'आलो' म्हटले, हातातले वर्तमानपत्र घडी घालून बाजूला ठेवले, चष्मा काढून त्यावर ठेवला, उठले, दोन पावले चालले आणि मग त्यांचा पाय वळला. वहिनी मात्र 'त्याच क्षणी' म्हणतात. मधले ते 'आलो', ती घडी, तो चष्मा त्यांच्या आठवणीत नाही. हॅगार्ड आणि त्याच्या सहकाऱ्यांनी २००२ मध्ये दाखवले होते की माणसाने स्वतः होऊन कळ दाबली आणि पाव सेकंदाने सूर वाजला, तर दाबणे त्याला प्रत्यक्षापेक्षा उशिरा आणि सूर प्रत्यक्षापेक्षा लवकर झाल्यासारखा वाटतो. आपली कृती आणि तिचा परिणाम मनात एकमेकांकडे सरकतात. ते अंतर पाव सेकंदाचे होते आणि वहिनींचे बरेच मोठे आहे, म्हणून एकावरून दुसरे सिद्ध होते असे मी म्हणणार नाही. पण ओढ त्याच दिशेची आहे. त्यातून त्या दिवशी दारावर कोणीतरी खोळंबले होते, म्हणून हाक एरवीपेक्षा चढ्या आवाजात गेली होती. आणि मनातले 'हे झाले नसते तर' अशा नेहमीपेक्षा वेगळ्या गोष्टीलाच जाऊन चिकटते.

नैयायिकांचे, म्हणजे न्यायदर्शनाच्या पंडितांचे, कुंभाराचे गाढव मला तूच शिकवलेस. मडके घडण्याआधी माती वाहून आणणारे गाढव हजर असते, पण त्यावाचून मडक्याचे काही अडत नाही, म्हणून ते अन्यथासिद्ध, कारण नव्हे. वहिनींची हाक तशीच आहे. प्रश्न एवढाच की ते गाढव काढून टाकल्यावर त्या जागी काय ठेवायचे, कारण मन ती जागा रिकामी राहू देत नाही. जॉन्सन आणि सायफर्ट यांनी १९९४ मध्ये लोकांना एका गोदामाच्या आगीची हकिगत वाचायला दिली होती. कपाटात तैलरंग आणि गॅसच्या टाक्या होत्या असे आधी कळते, नंतर ते कपाट रिकामे होते अशी दुरुस्ती येते. तरी आगीबद्दल विचारले की वाचणारे रंग आणि टाक्यांवरच येतात. आग मुद्दाम लावल्याच्या खुणा सापडल्या असे सांगितले, म्हणजे दुसरे कारण हाती दिले, की पहिल्याची पकड सैल होते.

दुसरे कारण माझ्याजवळ आहे, सदानंद, आणि इथेच मी अडलो आहे. त्या दिवशी सकाळी दादाला सदऱ्याची गुंडी लावता येईना. बोटे काही वेळ ऐकत नव्हती, मग आपोआप ठीक झाली. हे चिन्मयने पाहिले आणि मला सांगितले. वहिनी तेव्हा आत होत्या. हे वहिनींना सांगितले तर दुखणे हाकेच्या कितीतरी आधी सुरू झाले होते हे त्यांना डोळ्यांपुढे आणता येईल, आणि डॉक्टरांच्या गुठळीला जे जमले नाही ते कदाचित त्या गुंडीला जमेल. पण 'तेव्हाच दवाखान्यात नेले असते तर' हे वाक्य लगेच उभे राहील, आणि या वेळी ते अगदीच निराधार नसेल. हाकेचा दोष खोटा आहे एवढे तरी मी ठामपणे म्हणू शकतो. खोटा दोष काढून तिथे अर्धा खरा ठेवायचा, आणि तोही कदाचित चिन्मयच्या माथी, हे माझ्याच्याने होत नाही. तो पोरगा ती गुंडी एकटाच मनात घेऊन बसला आहे. दादाला बोलता येत असते, तर त्याच्या एका वाक्याने निभावले असते.

मुक्ताचा प्रबंध पूर्ण झाल्याचे वाचून फार आनंद झाला. तिला माझे आशीर्वाद सांग. गुडघ्याच्या शस्त्रक्रियेचे तू किती दिवस लांबवणार आहेस?

सुट्टीत ये. वहिनी तुझे ऐकतात, कारण तू त्यांना कधी समजावायला गेला नाहीस. आल्यावर या विषयाला हात घालू नकोस. दादापाशी बस आणि चिन्मयला एकदा फिरायला घेऊन जा. त्याआधी गुंडीविषयी तुझे मत मला सविस्तर लिही, आणि या खेपेला माझ्या बाजूने बोलायचे म्हणून बोलू नकोस.

तुझा,
माधव