साताऱ्याच्या गाडीवरील वाहकांचे आभार

स्मृतिभ्रंशाचा आजार असलेले माझे ७९ वर्षांचे वडील गेल्या महिन्यात आमची नजर चुकवून घराबाहेर पडले आणि स्वारगेटहून साताऱ्याच्या एसटीत बसले. २०२२ पासून पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना एसटीचा प्रवास मोफत असल्याने, खिशात आधार कार्डाखेरीज काही नसतानाही त्यांचे अडले नाही. ‘मुलगी शाळेतून सुटेल, तिला आणायला चाललोय,’ हे त्यांचे उत्तर ऐकून वाहकांना शंका आली. आईच्या पश्चात बाबांनी एकट्याने वाढवलेली ती मुलगी, म्हणजे मी, आज ५१ वर्षांची आहे.

वाहकांनी त्यांना आपल्या शेजारी बसवले, सदऱ्याच्या खिशात मी शिवलेल्या पट्टीवरच्या क्रमांकावर फोन केला आणि ड्यूटी संपूनही आम्ही पोहोचेपर्यंत ते साताऱ्याच्या स्थानकावर थांबले. मी धावत गेले तेव्हा ते स्वतःच्या डब्यातली भाकरी पिठल्यात बारीक कुस्करून बाबांना भरवत होते. बाबांना दात नाहीत, हे त्यांनी कुणी न सांगताच ओळखले होते. लहानपणी बाबा मला अगदी असेच भरवत.

त्या गडबडीत आपले नाव विचारायचे राहून गेले. दादा, आपले मनःपूर्वक आभार. बाबा अजूनही अधूनमधून ‘मास्तर जेवले का?’ असे विचारतात.