“तुमच्याकडे कसं करतात?” असं विचारणाऱ्या काकूंना

ती. काकूंना शि. सा. न. वि. वि.

फोनवर आभार मानायला गेलं की तुम्ही “अगं, त्यात काय एवढं!” म्हणून विषय बदलता. म्हणून आज चारचौघांत, लेखीच सांगते आहे.

गणपती तोंडावर आले आणि सासूबाई बाथरूममध्ये घसरल्या. खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन झालं, आणि घरी आल्या त्या थेट पलंगावर. गणपती ह्यांनी बसवला. पण गौरींचं सगळं सासूबाईंच्या हातात असायचं, मी फक्त हाताखाली. “यंदा राहू दे, पुढच्या वर्षी बघू,” असं त्या भिंतीकडे तोंड करून म्हणाल्या, तेव्हा फार वाईट वाटलं.

काकू, तुमचंही त्या वर्षी मन थाऱ्यावर नव्हतं. लेक नवव्या महिन्यात माहेरी आलेली, त्यामुळे अकोल्याला थोरल्या घरी महालक्ष्म्यांना जाणं राहिलं होतं. तुमच्या उभ्या महालक्ष्म्या, शेजारी त्यांची बाळं, वर टांगलेला फुलोरा, सोळा भाज्या, आंबील, पुरणाचे दिवे. आणि आमच्या कोकणस्थांच्या गौरी म्हणजे पाणवठ्यावरून आणलेले सात खडे! अनुराधा नक्षत्रावर त्या येतात, ज्येष्ठावर जेवतात आणि मूळ नक्षत्रावर निघतात, तेवढं दोन्हीकडे सारखं. बाकी सगळं निराळं.

मदतीला येणारी माणसं पुष्कळ असतात. बहुतेक जणी पदर खोचतात आणि “आमच्याकडे ना...” अशी सुरुवात करतात. त्यातही प्रेमच असतं, पण बघता बघता आपल्या घरचा सण त्यांच्या घरचा होऊन जातो. तुम्ही स्वयंपाकघरात गेलाच नाहीत. आधी सासूबाईंच्या पलंगाशी खुर्ची ओढून बसलात आणि विचारलंत, “वहिनी, तुमच्याकडे कसं करतात? मला पहिल्यापासून सांगा.”

ऑपरेशननंतर हो-नाहीपलीकडे न बोलणाऱ्या सासूबाई त्या दुपारी कितीतरी वेळ बोलत होत्या. खडे कसे निवडायचे, ते आणताना बोलायचं नाही, मागे वळून बघायचं नाही, दारात पायांवर दूध-पाणी कोणी घालायचं, नैवेद्याच्या घाटल्यात गूळ किती. तुम्ही मध्येमध्ये “अन् मग?” एवढंच म्हणत होतात.

घावन तुम्ही आयुष्यात घातलं नव्हतं. तरी पूजेच्या दिवशी सकाळीच हजर! बिडाचा तवा तापवून वांग्याच्या देठाने तेल फिरवलंत. तांदळाचं पीठ पातळ करून कडेकडेने ओतत आत आलात, झाकण ठेवलंत. झाकण काढल्यावर जाळी पडलेली दिसली, तेव्हा ते पहिलं घावन तसंच ताटलीत घेऊन आधी सासूबाईंना दाखवायला गेलात. “एवढं जाड चालतं का?” त्यांनी कड बोटाने दाबून पाहिली. “थोडं पाणी घाला अजून,” म्हणाल्या. तुम्ही निमूट परत येऊन पाणी घातलंत. हे मी ओट्याशी नारळ खवताना पाहत होते. इतकं मोठं मन मी फार थोड्या माणसांत पाहिलं आहे.

आदल्या दिवशी खडे घेऊन मी आत आले, तेव्हा तुम्हीच म्हणालात, “आधी वहिनींच्या खोलीत ने.” हळदीकुंकवाची पावलं तुम्ही त्यांच्या पलंगापर्यंत काढून ठेवली होती. “गौरी आली?” “आली.” “कशाच्या पावलांनी आली?” सासूबाईंनी पडल्यापडल्या मोठ्याने उत्तर दिलं, “सोन्यारुप्याच्या!”

त्यानंतर त्या व्यायामाला तयार झाल्या. त्याचं श्रेय डॉक्टरांना आहेच, पण तुम्हालाही आहे असं मी ठामपणे मानते. घरातल्या वडीलधाऱ्या बाईला औषध-पाणी सगळे देतात, सल्ला तिला कोणी विचारत नाही. तुम्ही तो विचारलात.

आता सासूबाई काठी घेऊन खाली बागेत जातात. तुम्ही नागपूरला लेकाकडे राहायला गेल्यापासून समोरचं दार बंद दिसलं की चुकचुकतात. त्यांचा निरोप असा की तुमच्या आंबिलाचं प्रमाण नीट लिहून पाठवा, ज्वारीचं पीठ किती आणि ताक किती. यंदा घावन-घाटल्याच्या जोडीला आमच्या गौरींना आंबीलही दाखवायचं त्यांनी ठरवलं आहे.

नातीला गोड पापा. काकांना नमस्कार.

तुमची,
समोरच्या घरातली सून