ऊन लागलं म्हणून सकाळपर्यंत थांबू नका

ती. आई-बाबा,

बाबा, "या वयात कसली लस?" असं तुम्ही फोनवर म्हणालात, ते डोक्यातून जाईना. म्हणून सविस्तर लिहितेय.

चिमीला दीड महिन्याची असताना पीसीव्हीची पहिली सुई दिली, ती न्यूमोकॉकस या जंतूवरची. हाच जंतू न्यूमोनिया करतो, आणि रक्तातून मेंदूच्या आवरणापर्यंत पोचला तर मेनिंजायटिस. धोका तान्ह्या बाळांना जास्त आणि पासष्टी उलटलेल्यांना. त्यात तुम्हाला शुगर. बाळांना ही लस सरकारी दवाखान्यात फुकट मिळते. मोठ्यांना मात्र स्वतःहून विचारून घ्यावी लागते, कोणी आठवण करत नाही. म्हणून मी करतेय. कोणती घ्यायची, एक डोस की दोन, ते डॉक्टर सांगतील. फ्लूच्या लशीचंही तेव्हाच विचारा.

लशीने सगळेच मेनिंजायटिस टळत नाहीत, इतर जंतूंनीही तो होतो. आणि मला खरी धास्ती आपल्या नागपूरच्या उन्हाळ्याची आहे. मे महिन्यात ताप, डोकेदुखी, उलटी झाली की आपल्याकडे एकच निदान: ऊन लागलं. मग कैरीचं पन्हं, तळपायांना कांदा, "सकाळी बघू". मेनिंजायटिसची सुरुवातही अशीच होते. मान आखडते, हनुवटी छातीला टेकत नाही, उजेड सोसवत नाही. वय झालेल्यांत तर कधी मान आखडलेली कळतही नाही. माणूस नुसता गुंगीत जातो, असंबद्ध बोलतो. असं दिसलं तर रात्रीचे दोन वाजलेले असोत, थेट मेडिकल कॉलेजच्या कॅज्युअल्टीत जा. उन्हानेच बरळत असेल तरी तिथंच न्यायला हवं. जंतूंचा मेनिंजायटिस २४ तासांत जीव घेऊ शकतो. सहातला एक दगावतो, वाचलेल्यांत कुणाला कायमचं बहिरेपण येतं.

आई, डॉक्टर पाठीतून पाणी काढायचं म्हणाले तर नाही म्हणू नकोस. त्याने पाय लुळे पडतात ही निव्वळ भीती आहे. कोणता जंतू आहे, कोणतं औषध चालेल, हे त्या पाण्यावरूनच नीट कळतं.

शनिवारी दादा गाडी घेऊन येतोय. शुगरची फाईल आणि रक्त पातळ करायच्या गोळ्यांची चिठ्ठी सोबत ठेवा, आणि दोघंही लशीसाठी डॉक्टरांकडे जा. आई, तूसुद्धा.

तुमची,
मनू