माळ्यावरची रद्दी विकण्याआधी एकदा वाचनालयात आणा

सप्रेम नमस्कार.

गेल्या पावसाळ्यात वाचनालयाच्या मागच्या खोलीवरचे कवेलू सरकले आणि जुन्या मासिकांच्या गठ्ठ्यांपर्यंत ओल पोचली. गठ्ठे उन्हात टाकायला काढले, तर उधईनं आपलं काम आधीच उरकलेलं. एका पानावर मूकपटाची जाहिरात होती. ‘आर्यन फिल्म कंपनी, पुणे’ एवढी ओळ शाबूत. चित्रपटाचं नाव असायचं तिथं बोट जाईल एवढं भोक.

ही कंपनी नानासाहेब सरपोतदारांची. पुण्याच्या लक्ष्मी रोडवर पूना गेस्ट हाऊस आहे, तेही 1935 साली त्यांनीच काढलं. तिथं जेवून आलेले लोक आपल्या गावातही निघतील. पण जेवणाची ही जागा सुरू करणारा माणूस मूकपटांचा लेखक-दिग्दर्शक होता, हे किती जणांना ठाऊक आहे? फाळक्यांचं नाव पोरासोरांना पाठ आहे, बाबूराव पेंटरांचं निदान ऐकून आहे. सरपोतदारांचं नाव मात्र निघतच नाही. ‘रामायण’ मालिकेतली मंथरा म्हणजे ललिता पवार, लहानपणी पडद्यावर आल्या त्या याच आर्यन कंपनीतून.

मूकपटात लेखकाला काय काम, असं वाटतं. उलट तिथं त्याचा कस लागे. बोलणं ऐकू येत नाही म्हटल्यावर मध्ये मध्ये येणाऱ्या दोन-तीन ओळींच्या पाट्यांवर गोष्ट पुढं न्यायची. त्या पाट्याही निम्म्या प्रेक्षकांना वाचता येत नसत; कोणीतरी उभं राहून मोठ्यानं वाचायचं, बाजूला पेटी-तबला.

1925 साली सरपोतदारांनी ‘महाराची पोर’ हा मूकपट केला. महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह मार्च 1927 चा, आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात अंबादेवी मंदिर प्रवेशासाठी अमरावतीला परिषद भरली, अध्यक्ष डॉ. बाबासाहेब आंबेडकर. म्हणजे आपल्या वऱ्हाडात अस्पृश्यतेचा प्रश्न पेटला त्याच्या दोन वर्षं आधी तो पडद्यावर आला होता. कितपत नीट मांडला होता, हे डोळ्यांनी पाहून ठरवायची सोय आता राहिलेली नाही.

कारण त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती पटकन पेट घ्यायची, आणि न पेटली तरी चिकट होऊन शेवटी तिची भुकटी व्हायची. 1931 साली बोलपट आला नि मूकपटांना गिऱ्हाईक उरलं नाही; फिल्मच्या लेपातली चांदी काढून घेण्यासाठीही कितीतरी रिळं गेली. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालं 1964 साली. तोवर उशीर झाला होता. देशात हजारावर मूकपट निघाले, त्यातले पूर्ण उरलेले अगदी मोजके.

उरला तो कागद. जाहिराती, हँडबिलं, परीक्षणं, मासिकांतले फोटो. आणि हा कागद पुण्या-मुंबईतच असतो असं नाही. आपल्याकडच्या वाड्यांच्या माळ्यावर, धान्याच्या कोठीमागं, आजोबांच्या ट्रंकेत ‘किर्लोस्कर’, ‘मनोरंजन’, ‘रत्नाकर’चे अंक पडलेले असतात, नागपूरचा ‘महाराष्ट्र’, अमरावतीचा ‘उदय’ असतो. दिवाळीची साफसफाई आली की हे सगळं किलोच्या भावानं भंगारवाल्याच्या गाडीवर जातं. 1935 च्या आधीचा कुठलाही छापील कागद विकण्याआधी कृपा करून आम्हाला दाखवा. देऊन टाकायचा नसेल तर स्कॅन करून, पोच देऊन, जसाच्या तसा परत करू.

दुसरी मागणी पैशाची, ती स्पष्टच सांगतो. आपलं वाचनालय सरकारी वर्गवारीत ‘ड’, म्हणजे शेवटच्या वर्गातलं. अनुदान हप्त्यानं येतं आणि पुस्तकखरेदी, पगार, वीजबिल यांतच संपतं. छप्पर दुरुस्त करायचं आहे, दारं घट्ट लागणारी दोन लोखंडी कपाटं आणि एक स्कॅनर घ्यायचा आहे. आजच्या भावानं एका कपाटाला दहा-बारा हजार लागतात. एखाद्या घरानं वडीलधाऱ्यांच्या स्मरणार्थ कपाट दिलं तर त्यावर नाव घालू. रोख जमत नसेल तर तूर, सोयाबीन, जे निघालं त्यातलं पायलीभर द्या. सप्ताहाला देता तसंच. बाजारात विकून रक्कम जमा करू आणि हिशेब फलकावर लावू.

जमलेल्या कागदांचं प्रदर्शन शाळेच्या पोरांसाठी मांडायचं आहे. त्या संध्याकाळी फाळक्यांचा ‘कालिया मर्दन’ (1919) दाखवू. पाट्या मोठ्यानं वाचायला खणखणीत आवाजाचा माणूस हवा, पेटी-तबल्याला भजनी मंडळानं हो म्हटलं आहे.

वाचनालय सकाळी 8 ते 11 आणि सायंकाळी 5 ते 8 उघडं असतं. देणगी वाचनालयातच द्यावी आणि पावती घेतल्याशिवाय जाऊ नये. कागद आणताना दोरीनं आवळून बांधू नका, कडा तुटतात. जुन्या धोतरात गुंडाळून आणा.

आपले,
अध्यक्ष, सचिव व कार्यकारिणी
सार्वजनिक वाचनालय