पान दोनपासून: काकांना अनावृत पत्र

प्रिय काका,

शालोम आणि नमस्कार.

तोंडावर कुणी आभार मानले की तुम्ही चष्मा पुसायला घेता आणि विषय बदलता. आता तुम्ही मुलाकडे इस्रायलमध्ये अश्दोदला गेलात, तेव्हा पुसा हवा तेवढा चष्मा. मी लिहिणारच, आणि चारचौघांत लिहिणार. ठाण्यातल्या आमच्या हॉलमध्ये दर रविवारी संध्याकाळी तुमचा तालमूदचा, म्हणजे ज्यू धर्मनियमांवरच्या चर्चांच्या जुन्या ग्रंथाचा, वर्ग कसा चालायचा, ते आपल्या बाकीच्या बेने इस्रायली, म्हणजे मराठी ज्यू, घरांनाही कळू दे.

आमच्या घरी धर्म होता तो आजीचा. शनिवारी चूल नाही, नवस फेडायला एलियाहू हन्नाबी या संदेष्ट्याच्या नावाचा मलिदा आणि उठताबसता शेमा, म्हणजे ‘देव एकच’ ही प्रार्थना. तालमूद हे नुसतं नाव ऐकून होतो. ते लांब दाढीच्या, दूरदेशीच्या रब्बींचं, म्हणजे ज्यू धर्मगुरूंचं, काम, आपलं नव्हे, असं धरूनच चाललो. मी एकदा धीर करून कंप्युटरवर एका वर्गात बसले होते. मिश्ना आणि गेमारा यांत फरक काय, एवढंच विचारलं. ‘हे तर लहान मुलांनाही येतं,’ असं उत्तर मिळालं. मी कंप्युटर बंद केला आणि भाजी निवडायला घेतली.

तुम्ही पहिल्या दिवशी पुस्तक आणलंच नाहीत. म्हणालात, ‘एक पान वाढ.’ मला वाटलं भूक लागली असेल. तुम्ही मुलांना जवळ बोलावलंत आणि ताटातल्या भातावर बोट ठेवलंत: तालमूदचं पानही असंच वाढलेलं असतं. हा मधला भात म्हणजे मिश्ना आणि गेमारा. मिश्ना इसवी सन २०० च्या सुमारास रब्बी येहुदा हनासींनी बांधली आणि गेमारा म्हणजे तिच्यावर पुढची काही शतकं बाबिलोनमध्ये झालेली खडाजंगी. एका बाजूची चटणी-कोशिंबीर म्हणजे राशी, अकराव्या शतकातले फ्रान्सचे, अडलेला शब्द सोपा करून देणारे. दुसऱ्या बाजूची भाजी म्हणजे तोसाफोत, राशींचे नातू आणि त्यांच्या मागचे लोक, ‘पण आजोबा, तिकडे तर तुम्ही वेगळंच म्हणालात’ असं विचारणारे. ‘दफ म्हणजे पान. आपल्याकडे पानावर जेवतात आणि पानावरच लिहितात, मग घाबरायचं कशाला?’ लेकीने लगेच विचारलं, मीठ कुठे आहे? तुम्ही म्हणालात, मीठ म्हणजे तुझा प्रश्न.

मग खरं पान आलं, तुमच्या हाताने मराठीत उतरवलेलं, फुलस्केपवर, झेरॉक्स करून. मूळ पानाला ना स्वरचिन्हं ना विरामचिन्हं, त्यात बरीचशी भाषा अरामी. स्टाईनसाल्झ रब्बींनी १९६५ मध्ये हिब्रूत उलगडा करायला घेतला तो २०१० मध्ये पुरा झाला. त्याच्या आधाराने तुम्ही रात्र रात्र बसून आमच्यासाठी मराठी केलंत हे मला काकूंकडून कळलं, तुमच्याकडून नाही. पानावर आकडा होता दोन. एक कुठे गेलं, असं मुलगा म्हणाला. तालमूदचा जवळजवळ प्रत्येक ग्रंथ दोनपासूनच सुरू होतो, पहिलं पान मुखपृष्ठात जातं, हे झालं छापखान्याचं उत्तर. दुसरं उत्तर तुम्ही हळू आवाजात दिलंत: कितीही शिकलास तरी पहिलं पान राहिलंच आहे असं समज.

आणि त्या दुसऱ्या पानावर काय होतं? शेमा! ‘संध्याकाळी शेमा केव्हापासून म्हणायचा?’ अख्ख्या तालमूदचं हे पहिलं वाक्य. माझ्या अंगावर काटा आला, काका. कोकणात नवगावच्या किनाऱ्याला लागलेल्या आपल्या पूर्वजांनी पोथ्या गमावल्या, भाषा गमावली, तेल गाळणारे, शनिवारी घाणा बंद ठेवणारे ‘शनिवार तेली’ झाले, पण शेमा तेवढा तोंडात ठेवला. जे आपल्याकडे उरलं होतं तिथूनच हे पुस्तक सुरू होतं, हे मला चाळिशी उलटल्यावर कळलं.

त्याच मिश्नेत रब्बान गमलिएलचे मुलगे मेजवानीहून उशिरा घरी येतात आणि म्हणतात, शेमा राहिला. मी ओरडा ऐकायच्या तयारीत होते. बाप म्हणतो, उजाडलं नसेल तर अजून म्हणायचाच आहे. आमच्या घरात हे वाक्य आता गृहपाठापासून दात घासण्यापर्यंत कशालाही वापरतात.

चादरीची संध्याकाळ तर विसरणं शक्य नाही. दोघं भावंडं सोलापुरी चादरीवरून भांडत होती. तुम्ही सोडवायला गेला नाहीत, दोघांच्या हातात एकेक टोक नीट दिलंत आणि ‘बावा मेत्सिया’ हा तालमूदमधला ग्रंथ काढलात. दोघांनी एकच वस्त्र धरलंय, दोघंही म्हणतात सगळं माझं: शपथ घ्या आणि अर्धं अर्धं करा. पण एक म्हणाला सगळं माझं आणि दुसरा म्हणाला अर्धं माझं, तर? पहिल्याला पाऊण, दुसऱ्याला पाव. लेक उसळली, दोनास एक का नाही? तुम्ही चादर मधोमध दुमडलीत. ‘हे अर्धं त्याचं, हे तू स्वतःच मान्य केलंस. भांडण उरलं या अर्ध्याचं. तेवढंच वाटायचं.’ ती बराच वेळ त्या घडीकडे बघत बसली. शाळेतला अपूर्णांक तिला त्या दिवशी कळला, हे मी तिच्या बाईंना अजून सांगितलेलं नाही.

तुम्ही एकदा १८७४ साली पुण्यात छापलेल्या हग्गादाचं, म्हणजे वल्हांडण सणाच्या रात्री वाचायच्या पोथीचं, चित्र दाखवलंत. हिब्रूसोबत मराठी आणि साडी नेसलेल्या बायका मात्झा, म्हणजे सणाची बिनखमिराची भाकरी, करताहेत. ‘मी नवीन काही करत नाही, पणज्यांनी केलं तेच पुढे,’ म्हणालात. खरं असेल. पण मधल्या काळात ते माझ्या दारापर्यंत कुणी आणलं नव्हतं.

जगभर लोक रोज एक पान वाचतात, १९२३ पासून, आणि साडेसात वर्षांत २,७११ पानं पुरी करतात. आपली दोन वर्षांत बारा झाली. या वेगाने साडेचारशे वर्षं लागतील, असा हिशेब लेकीने काढून फ्रिजवर चिकटवला आहे.

त्या कागदाशेजारी चुंबकाखाली शंभराची एक नोटही आहे. मुलाला जिन्यात सापडली. तो म्हणतो, सुटे पडलेले पैसे सापडणाऱ्याचे, कारण माणूस घडोघडी खिसा चाचपतो, म्हणजे पडल्याचं त्याला कळलेलं असतं आणि त्याने आशा सोडलेली असते. लेक म्हणते, जिना आठच घरांचा आहे, दारं वाजवून विचारायला काय होतं? मी ‘तेकू’, म्हणजे तालमूदमध्ये न सुटलेल्या प्रश्नाला म्हणतात ते, म्हणून निकाल राखून ठेवला, तर दोघंही म्हणाली, तो अधिकार आईला नाही. रविवारी सात वाजता फोन लावतो आहोत. काकूंना सांगा, चहा घेऊन बसा, वेळ लागेल.

तुमची,
ठाण्याची पुतणी