जुन्या एम्युलेटरला त्याच आवृत्तीच्या फाइली हव्यात

महोदय,

आर्केड खेळ (गेम पार्लरमधील यंत्रांवरचे व्हिडिओ खेळ) एम्युलेटरने, म्हणजे मूळ यंत्राची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमने, संगणकावर चालवू पाहणाऱ्यांपैकी अनेक जण एकाच जागी अडतात. फाइली अपुऱ्या असल्याचा संदेश येतो आणि खापर जुन्या एम्युलेटरवर फोडले जाते. माझेही काही दिवस असेच वाया गेले, म्हणून हे पत्र.

निकोला साल्मोरिया यांनी १९९७ साली सुरू केलेला ‘मेम’ हा एम्युलेटर मूळ यंत्रातील रॉम चिपांची (खेळाचा मजकूर कायमचा साठवणाऱ्या चिपांची) हुबेहूब नक्कल फाइलींच्या रूपात मागतो. एखाद्या चिपची आधीची नक्कल सदोष होती असे लक्षात आले, किंवा संरक्षक चिपमधील (खेळाची चोरटी नक्कल रोखणाऱ्या चिपमधील) मजकूर नव्याने हाती लागला, की पुढच्या आवृत्तीत त्या खेळाची फाइलयादी बदलते. त्यामुळे एकाच नावाच्या दोन झिप फाइलींत वेगळा ऐवज असू शकतो. आतील फाइलीचे नुसते नाव वेगळे असेल तर मेम पुष्कळदा चेकसम (फाइलीतील मजकुरावरून काढलेला पडताळणीचा अंक) पाहून ती ओळखतो. मजकूरच वेगळा असेल तर नाव बदलून काहीही साधत नाही.

जुनी आवृत्ती वापरण्यात कमीपणा मुळीच नाही. नव्या आवृत्त्या मूळ यंत्राची नक्कल अधिक काटेकोरपणे करतात, पण त्यासाठी प्रोसेसरवर अधिक भार टाकतात. म्हणूनच लहान, कमी ताकदीच्या संगणकांवर मेमच्या ०.७८ किंवा ०.१३९ या आवृत्त्यांवर आधारलेले एम्युलेटर आजही उपयोगी पडतात. मात्र ०.७८ ला ०.७८ चाच रॉमसंच (त्या आवृत्तीसाठीच्या खेळफाइलींचा संच) द्यावा. निओजिओ या आर्केड यंत्राच्या खेळांसाठी लागणारी बायोसची (यंत्र सुरू करणाऱ्या मूळ प्रोग्रॅमची) झिपही त्याच संचातील असावी, आणि विभागलेल्या संचात (ज्यात सामाईक फाइली एकाच झिपमध्ये असतात) ‘क्लोन’ खेळासोबत, म्हणजे खेळाच्या दुसऱ्या रूपासोबत, मुख्य रूपाची ‘पॅरेंट’ झिप ठेवावीच लागते, ही गोष्ट हमखास विसरली जाते. संच जुळतो की नाही हे त्या आवृत्तीच्या डॅट फाइलीच्या (अपेक्षित फाइली व त्यांचे चेकसम यांच्या यादीच्या) आधारे क्लरमेमप्रोसारख्या साधनाने तपासता येते.

या विषयावर मार्गदर्शन छापताना एम्युलेटरच्या नावाशेजारी आवृत्तीचा क्रमांक अवश्य द्यावा, ही आपणांस विनंती आहे. सोबत हक्कांचाही उल्लेख व्हावा, कारण एम्युलेटर मोफत असला तरी बहुतेक खेळांचे हक्क आजही कोणाच्या तरी मालकीचे आहेत. ‘ग्रिडली’ आणि ‘रॉबी रोटो’ यांसारख्या मोजक्याच खेळांना हक्कधारकांनी अव्यावसायिक वापराची परवानगी दिलेली आहे.

आपला नम्र,
एक वाचक